चांदीच्या सुया

“पण त्यात खोटं काय आहे, लामाजी?”

नोर्बूने हे इतक्या जोरात विचारलं, की मठाच्या ओट्यावर दाणे टिपणारी कबुतरं उडाली. लामाजींनी मान वर केली नाही. कालच्या दिव्यांमधलं गोठलेलं तूप ते चमच्याने खरवडत बसले होते.

गोठणगावच्या तिबेटी वसाहतीत नुकतं उजाडत होतं. पौषातली थंडी. नोर्बूच्या अंगावर पुण्यातल्या सत्कारात मिळालेली शाल होती, आणि सत्काराच्या शाली किती ऊब देतात हे ज्यांचे सत्कार झालेत त्यांनाच ठाऊक. गड्याचे दात वाजत होते, पण बसला होता ताठ.

नोर्बू गहाणे म्हणजे सध्याचा गाजलेला तरुण कादंबरीकार. आई यांगचेन, याच वसाहतीतली तिबेटी. वडील जवळच्या अर्जुनीचे, धानाची शेती करणाऱ्या गहाण्यांपैकी. ते जाऊन बरीच वर्षं झाली होती. नोर्बूचं तिबेटी कच्चं, म्हणून लामाजी त्याच्याशी मराठीतच बोलत. आठवडी बाजारात भाजी घेता घेता शिकलेली ती मराठी होती.

“मी कुठी म्हनलं खोटं?” लामाजी म्हणाले. “तुयी माय म्हनली असन.”

“ती तेवढंही म्हणाली नाही. म्हणूनच तर तुमच्याकडे आलो.”

त्याच्या पहिल्याच कादंबरीला मोठा पुरस्कार मिळाला होता, तो मुख्यतः एका प्रकरणामुळे. त्यात नायकाची आई नागपूरच्या फुटपाथवर बसून स्वेटर विणते, आणि प्रत्येक टाक्यात मागे राहिलेला एकेक डोंगर ओवते. बायका ते पान वाचून रडत. पुरुषही रडत, पण घरी जाऊन.

यांगचेन खरोखरच दर हिवाळ्यात नागपूरच्या फुटपाथवर स्वेटर विकायची. नोर्बूने पुस्तक तिला तिथेच नेऊन दिलं. गिऱ्हाइकं सांभाळत, ओळीवर बोट ठेवून, तिने ते प्रकरण वाचलं. मग पुस्तक मिटून मुलाच्या हातात परत दिलं.

“ही बाई कोण आहे?” तिने विचारलं.

एवढंच. त्यानंतर सगळा हंगाम ती त्याच्याशी बोलली नव्हती. फोन केला तर उचलायची, श्वास ऐकू यायचा, आणि मग ठेवून द्यायची. नोर्बूला ते फार लागलं होतं.

“रविवारी नागपुरात माझा सत्कार आहे,” तो म्हणाला. “माझ्याबरोबर तिचाही. आयोजकांनी तिच्यासाठी हे घडवून घेतलंय.”

त्याने झोळीतून मखमली डबी काढली. आत विणायच्या दोन सुया होत्या, चांदीच्या.

“तिने मंचावर बसायचं, चार टाके घालून दाखवायचे, झालं. हंगाम संपवून ती आज परत येतेय. तुमचा शब्द ती मोडत नाही, लामाजी. तुम्ही एवढं तिला सांगा.”

लामाजींनी एक सुई उचलली. उजेडात धरून फिरवून पाहिली. शेजारच्या जळत्या दिव्यात वात बुडत चालली होती. सुईच्या टोकाने त्यांनी ती वर काढली, सारखी केली.

“बरी हाये,” ते म्हणाले.

सोनाराने आठवडाभर खपून घडवलेली वस्तू! नोर्बूचा चेहरा उतरला. लामाजींनी सुई चिवराला पुसून डबीत ठेवली.

“विनता येते तिले?”

“...शिकता येईल.”

लामाजी हसले. हसता हसता त्यांना खोकला आला. खोकला थांबल्यावर त्यांनी नोर्बूच्या थरथरत्या हातांकडे पाहिलं, चिवराखालचा मरून रंगाचा स्वेटर डोक्यावरून ओढून काढला आणि त्याच्यासमोर धरला.

“घाल.”

“नको, तुम्हाला...”

“घाल म्हनलं ना बापा.”

नोर्बूने शाल बाजूला ठेवली आणि स्वेटर घातला. तो अजून लामाजींच्या अंगाचा गरम होता. थोड्या वेळाने त्याचे दात वाजायचे थांबले.

“गरम हाये?”

“आहे.”

“कोनं विनला?”

मानेमागची पट्टी बघायची नोर्बूला गरज नव्हती. असले स्वेटर घडी घालत तर तो वाढला होता.

“लुधियानाचा आहे. मशीनचा. आईनेच दिला असेल तुम्हाला.”

“मंग, गरम कमी झाला काय?”

नोर्बू एकदम उसळून म्हणाला, “पण मशीनच्या स्वेटरवर लिहिलं तर वाचणार कोण? लोकांना अर्धा तिबेटी लेखक कशाला हवा असतो? डोंगरासाठी! आता दुसरी कादंबरी मागतायत, त्यातही त्यांना डोंगरच हवाय. आणि मी... मी तर बर्फसुद्धा सिनेमातच पाहिलाय, लामाजी.”

हे त्याला बोलायचं नव्हतं. बोलून गेला आणि कानापर्यंत लाल झाला.

लामाजी पुढचा दिवा खरवडू लागले.

“लहान होता तवा, नागपुरात कुठी निजत होता तू?”

“कुठे म्हणजे... फुटपाथवरच. दुकान आवरलं की मालाच्या गठ्ठ्यावर.”

“मंग?”

“मग काय? हंगाम सुरू झाला की गठ्ठा टणक असायचा, उंच. पडायची भीती वाटायची. माल खपत जाई तसतसा तो मऊ व्हायचा, खाली बसायचा. शेवटी शेवटी माझी पाठ जमिनीला टेकायची. सकाळी मी कुरकुर केली की आई खूश व्हायची. म्हणायची, पाठ दुखते ना? म्हणजे धंदा झाला, आता घरी जाऊ. आणि त्या रात्री स्वतःचा कोट...”

तो थांबला.

“...स्वतःचा कोट माझ्याखाली घालायची.”

“हे लिवलं?”

“नाही.”

“काऊन?”

“त्यात लिहिण्यासारखं काय...”

नोर्बूने स्वेटरच्या बाहीने नाक पुसलं, लहानपणी पुसायचा तसं.

वसाहतीच्या फाटकाशी बसचा हॉर्न वाजला. ओट्यावरून सगळं दिसत होतं. यांगचेन उतरली. कंडक्टरने टपावरून तिचा उरलेला माल खाली सोडला. यंदा थंडी उशिरा पडली होती. गठ्ठा केवढातरी मोठा राहिला होता. बस निघून गेली. यांगचेनने एका टोकाला धरून तो उचलून पाहिला, पण तो हलेना. मग ती कमरेवर हात ठेवून उभी राहिली.

नोर्बू धडपडून उठला. सवयीने शाल खांद्यावर टाकली, डबी हातात घेतली. पायरीपर्यंत गेला आणि वळला.

“तिला काय सांगू, लामाजी?”

लामाजींनी स्वच्छ केलेला दिवा जागेवर मांडला. त्यात नवी वात ठेवली...

“सुया इथंच राहू दे,” ते म्हणाले. “गठ्ठ्याले दोन्ही हात लागते.”