सातासमुद्रापलीकडचे दाणे

डोंगरांना माणसांनी नावं देण्याच्याही आधीची गोष्ट. भूकंपात एक अख्खं रान उन्मळून पडलं. झिपरी खारीची पिल्लं कशीबशी वाचली, पण भुकेने पार मलूल झाली.

एके सकाळी सातासमुद्रापलीकडून करकोचे चोची भरभरून दाणे घेऊन आले. पठारावर रास पडली. झिपरी धावली, तर कोल्हा आडवा आला. "वनराज येऊन पाहतील, मगच वाटप."

"कोल्होबा, तोवर माझी लेकरं तग धरायची नाहीत हो!"

"सगळे हेच म्हणतात."

झिपरी एका करकोच्याकडे वळली. तो मान खाली घालून म्हणाला, "बाई, आम्ही पाहुणे. तुमच्या रानात तुमचाच हुकूम."

वनराज येईपर्यंत रास पावसात भिजली, निम्म्या दाण्यांना बुरशी आली. मग भाषण झालं, जयजयकार झाला आणि झिपरीच्या ओंजळीत चार दाणे पडले. ती जिवाच्या आकांताने ढोलीकडे पळाली.

थोरल्या दोघांनी दाणे कुरतडले. धाकट्याच्या तोंडात तिने त्यातला मऊ दाणा सारला. दाणा तोंडात तसाच राहिला.

"खा रे बाळा," ती पुन्हा पुन्हा म्हणत होती, "फार लांबून आलाय."