तळाचे पाणी

पूर्वी क्षीरा नदीच्या मुखाशी वसलेल्या शुक्तिपट्टण नगरात सुषेण राजा राज्य करीत असताना बोधिसत्त्व तिथल्या चाखणकाराच्या घराण्यात जन्मले होते. त्यांचे नाव रोहक. चाखणकार म्हणजे नदीचे पाणी चाखून ते पिण्याजोगे आहे की नाही हे सांगणारा माणूस. ज्यांच्या दारात गोड्या पाण्याची विहीर आहे त्यांना या कामाचे हसू येईल. पण शुक्तिपट्टण समुद्रापासून जेमतेम दीड कोसावर होते. दिवसातून दोनदा भरती नदीच्या पोटात शिरे आणि दोनदा ओहोटीबरोबर परत जाई. विहीर खणली तर धड खारे नाही, धड गोडे नाही, असे मचूळ पाणी लागे. म्हणून हिवाळ्यात नदी ओसरू लागली की पुढच्या पावसापर्यंत सारे नगर एका मोठ्या तळ्याच्या पाण्यावर जगत असे.

ते तळे वर्षातून एकदाच भरायचे. मार्गशीर्ष वद्य अष्टमीला भांगाची भरती असते. तेव्हा समुद्राचा जोर सगळ्यात कमी आणि नदी अजून भरलेली. त्या सकाळी राजापासून कोळणींपर्यंत सगळे घाटावर जमत. चाखणकार सातव्या पायरीवर उतरून शंखाने नदीचे पाणी घेई आणि तीन घोट पिई. पहिला घोट राजासाठी, दुसरा पाणी वाहणाऱ्या बायांसाठी, तिसरा अजून जन्माला न आलेल्यांसाठी. मग तो मोठ्याने म्हणे, "गोड!" की लगेच तळ्याच्या तोंडावरचे सागवानी दार दोरखंडांनी वर उचलले जाई आणि दाराखालून नदी आत धावे.

बोधिसत्त्वांना हे काम आईकडून आले होते. लहानपणी आई त्यांना त्याच सातव्या पायरीवर बसवी, डोळे मिटायला लावी आणि ओंजळीतले पाणी पाजी. भाद्रपदातले पाणी तांबड्या मातीचे लागे. दिवाळीनंतर त्याला जांभळाच्या मुळांची तुरट चव येई. फाल्गुनात जिभेच्या कडेला किंचित चरचरे. तो समुद्राचा निरोप. उत्तर बरोबर आले की आई गुळाचा खडा देई. चुकले तरी देई, पण लहान. पुढे बोधिसत्त्व साठीला आले, आई जाऊन तीस वर्षे झाली, तरी नदीचा पहिला घोट घेतला की त्यांना आधी ती ओली ओंजळ आठवे आणि मग चव कळे.

त्या वर्षी पावसाने ओढ दिली होती. नदी बारीक झाली होती. आश्विनात बोधिसत्त्वांना ताप आला आणि उतरला, पण जाताना जिभेची चव घेऊन गेला. प्रथम त्यांना वाटले, तोंड कडू झाले आहे, येईल परत. अष्टमीला सात दिवस राहिले तेव्हा त्यांनी एका हातात गूळ आणि दुसऱ्या हातात चिंच घेतली, डोळे मिटले आणि दोन्ही चाखले. दोन्ही सारखेच लागले, ओल्या लाकडासारखे.

आता कोणी विचारील, बोधिसत्त्वच ते, त्यांनी लगेच राजाला सांगितले असेल ना? नाही सांगितले. सात दिवस गप्प राहिले. नगराचा नियम असा होता की जीभ गेलेल्या चाखणकाराने घाटावरचे घर सोडायचे आणि पायरीवरचा मानही. त्या घरात त्यांच्या आईचा पाटा होता, तिने लावलेला सोनचाफा होता. शिवाय मन समजूत घालायला बसलेलेच असते. ते म्हणत होते, चाळीस वर्षे या दिवशी पाणी गोडच निघाले आहे. यंदाही गोडच असणार. मग 'गोड' म्हटले तर त्यात खोटे काय?

अष्टमीच्या आदल्या दुपारी एक तरुण बाई कडेवर मूल घेऊन दाराशी आली. तिचे नाव उत्पला. तिचा नवरा माणसे पैलतीरी पोचवणारा नावाडी होता आणि ती दोघे आठ महिन्यांच्या मुलीसह नावेतच राहत. उत्पला शिकलेली होती, भिक्षुणींच्या आश्रमात अक्षरे गिरवलेली. पण मूल झाल्यापासून तिला कशाचाच भरवसा वाटेनासा झाला होता. घाटावरच्या बाया तिला काळजीची खाण म्हणत.

"आजोबा, राग मानू नका," ती म्हणाली. "कदाचित काहीच नसेल. बहुतेक नसेलच. पण पोरगी चार दिवस पेज थुंकते आहे."

"दात येत असतील."

"मीही तेच म्हटलं. मग दुसरा तांदूळ घेतला. मग मडकं बदललं. मग मीच पेज चाखली, नऊ वेळा. मला ती खारट लागते आजोबा, आणि मीठ तर मी घातलेलंच नाही! बायांना सांगितलं तर म्हणतात, आम्ही हेच पाणी पितो, आमची पोरं बघ कशी धडधाकट. तुझं पोरही तुझ्यासारखंच, सगळ्याला नाक मुरडणारं."

"मग?"

"मग काय. बाळंतपणानंतर माझीच जीभ बिघडली असेल. म्हणून तुमच्याकडे आले. तुम्ही एकदा चाखा आणि सांगा, उत्पले, तू वेडी आहेस. म्हणजे मी घरी जाईन."

तिने लहान मडके पुढे केले. बोधिसत्त्वांनी घोट घेतला. ओले लाकूड. त्यांनी मडके खाली ठेवले आणि विचारले, "पाणी भरतेस कुठून?"

उत्पला जरा लाजली. "वरच्या पाण्यात पानं असतात, फेस असतो, कोणाकोणाचे धुतलेले पाय असतात. लेकरासाठी ते नको वाटतं. म्हणून मी मडक्याच्या तोंडात काथ्याचा बोळा घालते, बुडाला धोंडा बांधते आणि नावेवरून पार तळाशी सोडते. मग दुसऱ्या दोरीने बोळा ओढला की तळाचं स्वच्छ पाणी भरतं."

बोधिसत्त्वांनी विचारले, "ही युक्ती तुला कोणी शिकवली?"

"कोणी नाही," उत्पला म्हणाली. "भीतीनं."

बोधिसत्त्व उठले. आढ्याला एक बांबूचे नळकांडे टांगलेले होते, धुराने काळे झालेले. त्याला दोन दोऱ्या होत्या; एक नळकांड्याला, एक त्याच्या बुचाला. ते हातात घेताच साठ वर्षांचे बोधिसत्त्व सहा वर्षांचे झाले. एका कोरड्या वर्षी आई त्यांना होडीत घेऊन गेली होती. हे नळकांडे तळाशी सोडून तिने बूच ओढले होते आणि म्हटले होते, "रोहका, खारं पाणी जड असतं. ते गोड्याच्या अंगाखालून सरपटत येतं. नदी भरलेली असली की त्याला बाहेरच ढकलते. ती बारीक झाली की मात्र वरचं चाखून फसू नकोस. भांगाच्या दिवसांत तर मुळीच नको. उधाणात पाणी घुसळून निघतं, सगळंच खारट लागतं, निदान कळतं तरी. भांगात ते निवांत थरावर थर पडून राहतं."

पुढे पन्नासहून अधिक वर्षे नदी भरलेली राहिली आणि नळकांडे आढ्यालाच राहिले.

उद्या उचलायच्या दाराखालून तळाचेच पाणी आत जाणार होते, हे बोधिसत्त्वांच्या ध्यानात आले. तळे एकदा खारावले की पावसापर्यंत नगराला पाणी नाही. ते म्हणाले, "उत्पले, तू वेडी आहेस की नाही हे उद्या घाटावर सांगतो. पोरीला घेऊन ये."

अष्टमीची सकाळ झाली. ढोल वाजत होते. दाराचा रक्षक पुण्णक सोळा माणसांसह दोरखंड धरून उभा होता. बोधिसत्त्व सातव्या पायरीवर उतरले. त्यांनी पहिला घोट घेतला, दुसरा घेतला. तिसऱ्यासाठी शंख ओठाशी नेला आणि खाली केला.

"रोहकदादा, म्हणा की गोड!" पुण्णक ओरडला. "हात भरून आले आमचे!"

"महाराज," बोधिसत्त्व राजाकडे वळून म्हणाले, "हे पाणी गोड आहे की खारट, मला कळत नाही. माझी जीभ गेली आहे. सात दिवसांपूर्वीच मला ते कळलं होतं आणि मी लपवलं."

ढोल थांबले. कोणीतरी हसले. "आता म्हाताऱ्याला पंचामृत आणि पाणी एकच!" पुण्णक म्हणाला. पण सुषेण राजाने हात वर केला. "मग आज चाखणार कोण?"

बोधिसत्त्वांनी उत्पलेला बोलावले. बायांमध्ये कुजबुज सुरू झाली: "ही? ही तर स्वतःच्या सावलीला चाखून बघेल!" उत्पलेने मुलीला शेजारणीकडे दिले, पुन्हा परत घेतले, शेवटी कडेवर ठेवूनच पायऱ्या उतरली. शंखातले वरचे पाणी तिने चाखले. "गोड आहे," ती हळूच म्हणाली. घाटावर हशा पिकला.

मग बोधिसत्त्वांनी नळकांड्याला धोंडा बांधून ते दाराच्या उंबऱ्याइतके खोल सोडले, बूच ओढले आणि वर आणून तिच्या हातात दिले. उत्पलेने घोट घेतला. पुन्हा घेतला. सगळे नगर तिच्या तोंडाकडे बघत होते आणि तिचा चेहरा पडला होता.

"खारट आहे," ती म्हणाली. "म्हणजे मला तरी वाटतं. माझं चुकतही असेल. महाराज, तुम्हीच एकदा..."

राजाने नळकांडे घेऊन तोंडाला लावले आणि दुसऱ्या क्षणी पाणी थुंकले. त्याच्या उपरण्यावर थेंब उडाले. पुण्णकाने हातातला दोरखंड सोडून दिला, जणू तो तापला होता.

त्या दिवशी दार उचलले नाही. बोधिसत्त्वांच्या सांगण्यावरून पुण्णक आणि त्याची माणसे गळ्यापर्यंत पाण्यात उतरली. त्यांनी दारासमोर चिखल आणि तिवराच्या फांद्यांचा छातीइतका बांध घातला. दुसऱ्या दिवसापासून ऐन भरतीला दार उचलायचे, बांधावरून चढेल तेवढेच वरचे पाणी आत घ्यायचे, ओहोटी लागताच दार सोडायचे, असे चालले. दर वेळी आधी उत्पला चाखे. दर वेळी ती म्हणे, "गोड आहे, पण थांबा, पुन्हा बघते." पुण्णक आता हसत नसे. "बघ बाई, दहादा बघ," तो म्हणे. पुढचे उधाण येईपर्यंत तळे तीनपैकी दोन हिश्श्यांच्या वर भरले. जपून वापरले तर पावसापर्यंत पुरणारे होते, आणि पुरलेही.

नियमाप्रमाणे बोधिसत्त्वांनी घर सोडले. राजा म्हणाला, "राहा." ते म्हणाले, "नियम चांगला आहे महाराज. जीभ नसलेला माणूस त्या घरात राहिला, तर लोक एक दिवस सवयीने त्यालाच विचारतील." ते तिवरांच्या कडेला झोपडी बांधून राहिले. पाटा, सोनचाफा आणि नळकांडे त्यांनी उत्पलेच्या स्वाधीन केले.

उत्पला रोज सकाळी पोरीला कडेवर घेऊन त्या झोपडीवर जाई आणि शंखभर पाणी पुढे करी. बोधिसत्त्व ते पीत आणि विचारीत, "कसं आहे आज?"

"गोड आहे आजोबा. मागून जरा तुरट. मुळांसारखं काहीतरी. की मला उगाच वाटतंय?"

"उगाच नाही," बोधिसत्त्व म्हणत. "जांभळाची मुळं ती." आणि डोळे मिटून ते उरलेले पाणी सावकाश पीत. त्यांच्या तोंडात काही नसे; पण तिच्या शब्दांबरोबर ती ओली ओंजळ अजून येई. मग ते कमरेच्या पुरचुंडीतून गुळाचा एक खडा काढून तिच्या हातावर ठेवीत. तो कधी लहान नसे.

ही कथा शास्त्यांनी, म्हणजे पुढे बुद्ध झालेल्या बोधिसत्त्वांनी, नदीमुखावरच्या एका विहारात सांगितली. तिथे एक तरुण उपासिका धर्मश्रवणाला येई आणि मांडीवरच्या मुलाला भरवण्याआधी दानातली पेज तीनतीनदा चाखून बघे. ते पाहून भिक्षूंना हसू आवरत नसे. कथा संपल्यावर शास्ते म्हणाले, "भिक्षूंनो, त्या काळचा सुषेण राजा म्हणजे या विहाराचे वृद्ध स्थविर. दाराचा रक्षक पुण्णक म्हणजे तुमच्यातला तो भिक्षू, जो आज सगळ्यात मोठ्याने हसला. उत्पला ती, जिला तुम्ही हसलात. आणि जीभ गेलेला चाखणकार मीच होतो. सात दिवस उशिरा का होईना, त्या पायरीवर 'मला कळत नाही' असे मी म्हणू शकलो. या पारमितेला, बुद्धत्वाकडे नेणाऱ्या या गुणाला, सत्य म्हणतात."

मोठ्याने हसलेल्या भिक्षूने मान खाली घातली. उपासिकेने मात्र पेज आणखी एकदा चाखली आणि मगच घास मुलाच्या तोंडी दिला.