एकाच बाजूने उघडणारा व्हॉल्व्ह

पाहायला आलेल्यांना मुलीने प्रश्न विचारायचा नाही, आणि का नाही हेही विचारायचं नाही, असं आईने मला सकाळीच बजावलं होतं.

मुलाचे मामा बापूसाहेब गाडीतून वैतागूनच उतरले. इंजिनमधला बिघाड दाखवणारा दिवा पुन्हा लागला होता. गाडी सुरू होताना सायलेन्सरकडे जाणाऱ्या धुरात ताजी हवा ढकलणारा पंप त्यांनी दोनदा बदलला होता. चहा घेता घेता ते हसले. "मेकॅनिकल शिकलीस ना? मग सांग, पंप का जळतात. जमलं तर आजच होकार."

मी सगळ्यांना अंगणात नेलं. इंजिन चालू करायला लावून पंप आणि सायलेन्सरच्या वाटेमधल्या व्हॉल्व्हवरची पंपाची नळी काढली आणि बापूसाहेबांचा पांढरा रुमाल तिथे धरला. बघता बघता तो काळा झाला.

"पंपांचा दोष नाही, मामा. या व्हॉल्व्हने हवा आत सोडायची आणि धूर मागे येऊ द्यायचा नाही. तो उघडाच अडकलाय, म्हणून धूर पंपात शिरतो. व्हॉल्व्ह बदला."

"हुशार आहे हो पोरगी," ते बाबांना म्हणाले. "होकार समजा."

"मला मुलाला काही विचारायचंय."

"आमच्याकडे मुली विचारत नाहीत. आम्ही विचारतो, त्यांनी सांगायचं."

मी रुमाल त्यांच्या हातात परत दिला. "एकाच बाजूने उघडणारा व्हॉल्व्ह गाडीला लागतो, मामा. घर तसं असेल तर माझा नकार आहे."

बापूसाहेबांनी बाबांकडे पाहिलं, बाबांनी आईकडे.