तानूबाईचं वाक्य

ही आमच्या शेरेमाळची बाजारविहीर. काठावर भरलेला तांब्या कायम असतो. गावात पाऊल टाकताच तो तुमच्या हातात का दिला, हे विचारलंत म्हणून सांगतो. सांगताना मान वर होत नाही, पण लपवायचं नाही असं आमच्यात ठरलेलं आहे.

चैत्रातल्या जत्रेला इथं वनवासी राणीचं जुनं नाटक होतं. त्याला रंगमंच नाही. पार म्हणजे राजवाडा, वेस म्हणजे अरण्य, आणि विहीर म्हणजे विहीरच. राणीचं काम दौलती गुरव करायचा. दर साली नवं सोंग काढायचा. राणी लेकरासाठी पाणी मागते आणि विहिरीवरच्या बायका तिला हाकलतात. या हाकलण्यात तानूबाई कुंभारणीचा हात कुणी धरत नसे. ते ऐकायला पंचक्रोशी लोटायची.

एका दुष्काळी साली म्हणे, दौलतीला यायला उशीर झाला. तेवढ्यात माळाच्या वाटेनं एक बाई आली. पदर फाटलेला, कडेवर मान टाकलेलं पोर. "माय, लेकराला घोटभर पानी द्या," एवढंच म्हणाली.

गाव खूश झालं. दौलतीनं यंदा सोंग काय वठवलंय, अशी कुजबुज झाली. तानूबाई कमरेवर हात ठेवून म्हणाली, "पुढं जा बाई. हितलं पानी तुज्यासाठी न्हाई."

टाळ्या पडल्या. बाईनं सगळ्यांच्या तोंडाकडे एकदा पाहिलं आणि ती परत फिरली. तिच्या चालण्यालाही टाळ्या पडल्या.

मग वेशीकडून दौलती आला, कडेवर कापडाचं बाळ. त्यानं पाणी मागितलं तेव्हा तानूबाईच्या हातून घागर सुटली. तांब्या घेऊन ती माळावर धावली, मागून गाव धावलं. बाई बाभळीखाली बसली होती. पोर गेलं होतं. तांब्याकडे बघून ती म्हणाली, "आता कुणाला पाजू?"

पुढं नाटकच बंद करू, असं पुष्कळांचं म्हणणं पडलं. नको म्हणाली ती तानूबाईच, असं सांगतात. "बंद केलं तर इसराल."

आजही राणी विहिरीशी येते, पाणी मागते, आणि ते वाक्य कुणी बोलत नाही. टाळी वाजत नाही. सगळं गाव खाली मान घालून उभं राहतं. मग बायका जमलेल्या प्रत्येक परक्या माणसाला पाणी देतात. तहान आहे का, असं विचारत नाहीत. मागायची वेळच कुणावर येऊ द्यायची नाही.

मघाशी तांब्या घेताना तुम्ही आभार मानलेत आणि मी तोंड फिरवलं. राग मानू नका. पाण्याचे आभार घ्यायची आमची लायकी नाही.