सत्वाजीचे अर्धे कीर्तन

आमच्या या ख्रिस्ती पाठशाळेत चर्चचे पाळक व्हायला आलेल्यांची शेवटची परीक्षा कागदावर होत नाही. कीर्तन करावे लागते, आणि तेही अर्धेच. पेटी, झांज, तबला सगळे रंगात आले की विद्यार्थी एका ठरावीक जागी थांबतो आणि खाली बसतो. पाहुणे एकमेकांची तोंडे पाहू लागतात. उद्या परीक्षेला बसून ऐकताना तुमचीही तीच गत होणार, म्हणून आजच सांगून ठेवतो. अर्थात मी इथे आयुष्यभर शिकवले तरी ही कथा मला धड उलगडलेली नाही. तेव्हा गोंधळलात तर माझ्याकडे बघून धीर धरा.

असे सांगतात की मोठ्या दुष्काळानंतर इथे गवताचे एक छप्पर आणि एकच विद्यार्थी उरला होता, सत्वाजी उमाप. बाकीचे कोणी रेल्वेच्या कामावर गेले, कोणी तापाने गेले. सत्वाजी जाणार कुठे? त्याने बाप्तिस्मा घेतला त्या दिवशी त्याच्या बापाने, देवीपुढे हलगी वाजवणाऱ्या रावजीने, अंगणात सगळ्यांदेखत त्याच्या नावाने अंघोळ केली होती. म्हणजे मुलगा मेला, विषय संपला.

मग मिशनचे तीन परीक्षक आले. सत्वाजी पास झाला तर पाठशाळा चालवायची, नाही तर कुलूप लावायचे, असे ठरवूनच आले होते म्हणे. साहेबांना हवे होते प्रवचन. सत्वाजीला येत होते कीर्तन. त्याने प्रभूने सांगितलेली उधळ्या मुलाची गोष्ट घेतली. आपली वाटणी मागून घर सोडलेला, सगळे उडवून डुकरांमागे उपाशी फिरलेला मुलगा शेवटी घराकडे परत निघतो, ती. मंडळी डोलू लागली. मुलगा अजून लांबच होता, एवढ्यात बापाला तो दिसला, इथवर सत्वाजी आला आणि त्याची नजर दाराकडे गेली. दारात रावजी उभा होता.

तो का आला होता, यावर आमच्यात अजून एकमत नाही. कोणी म्हणतात, पोराला ओढून न्यायला. कोणी म्हणतात, आई आजारी होती. मला विचाराल तर रावजीलाही ते ठाऊक नसावे.

सत्वाजी गप्प झाला. मंडळींना वाटले, विसरला. पण गोष्टीत मुलगा परत येतो आणि बाप धावत जाऊन त्याला मिठी मारतो; इथे बापच आला होता. आता धावायचे कोणी, हेच त्या बिचाऱ्याला समजेना.

"का थांबला रं?" रावजीने दारातूनच विचारले. त्याने ही गोष्ट कधी ऐकलेली नव्हती. "त्या बापानं फुडं काय केलं?"

"मला न्हाई ठावं, दादा. तुमीच सांगा," सत्वाजी बापाला म्हणाला.

पुढचे कोणालाच नीट दिसले नाही, कारण सगळेच उठून उभे राहिले. उमापांच्या घरचे सांगतात, बाप पुढे आला. गावकरी सांगतात, मुलगा चिपळ्या टाकून पळाला. दुसऱ्या दिवशी सत्वाजी बापाच्या अंगणात जेवताना दिसला, एवढे मात्र सगळ्यांना मान्य आहे.

परीक्षकांची पंचाईत झाली. एक म्हणाला, कीर्तन अपुरे, नापास. दुसरा म्हणाला, याहून पुरे कीर्तन मी ऐकलेले नाही. तिसऱ्याला मराठी येत नव्हते, तो नुसताच रडत होता. मग ठरवू, म्हणाले आणि घोड्यांवर बसून गेले. ते अजून ठरायचे आहे, आणि पाठशाळा चालूच आहे.

आजही विद्यार्थी तिथेच थांबतो आणि त्याच्या घरून जे कोणी आले असेल ते उठून पुढचे सांगते. त्यांचा धर्म कोणी विचारत नाही. कोणीच आले नसेल तर आम्हा शिक्षकांना सांगावे लागते, आणि ते मला फार जड जाते.

मागच्या वर्षी अर्पणा वाघचौरे परीक्षेला होती. बाईमाणसाने पाळक व्हायचे नाही म्हणून वडिलांनी तिच्याशी बोलणे टाकले होते. ती थांबली, खाली बसली. कोणी उठेना. मी उठणार, तेवढ्यात शेवटच्या रांगेतून तिचे वडील उभे राहिले, टोपी हातात घेऊन.

"बाप काई धावला न्हाई," ते म्हणाले. "त्याला कळंनाच, रागवावं का रडावं. मंग तो एसटीनं आला."

मंडळी हसली. अर्पणा हसली नाही. ती उठली आणि त्यांच्याकडे धावत सुटली.