येसूच्या आईचं विरजण

एकदा काय झालं, डोंगराच्या पायथ्याशी एक गाव होतं. साधंच गाव. पण तिथे आठवणी मुरायच्या, बरं का. लोणचं मुरतं ना, तशा. माणूस ज्या गोष्टीला रोज हात लावी, तिच्यात त्याचं बोलणं मुरे. आंब्याच्या बुंध्याला गाल टेकला, की तो लावणारा म्हातारा खोकताना ऐकू येई. लाटणं कानाशी धरलं, की पणजीची कुरकुर.

त्या गावात येसू नावाची मुलगी होती. ती रांगत होती तेव्हाच तिची आई वारली. बाप गुरांमागे रानात असायचा, म्हणून द्वारकाआत्यानं तिला वाढवलं. येसूला आईचा आवाज ठाऊक नव्हता. एकदा तरी तो ऐकायचा, एवढंच तिला हवं होतं.

पण आत्यानं आईच्या सगळ्या वस्तू बंद करून ठेवल्या होत्या. पांघरायची वाकळ पेटीत. बांगड्या डब्यात, तो डबाही पेटीत. विरजणाचं गाडगं उंच शिंक्यावर.

"हात लावलास की झिजेल," आत्या म्हणे. "मोठी झालीस की देईन."

"मोठी कधी होणार मी?"

"मी सांगेन तेव्हा."

मोठ्या माणसांचं हे असं असतं, बाळांनो. जपायचं म्हणजे कुलूप लावायचं, एवढंच त्यांना कळतं.

मग एक दिवस येसू आत्याच्या खांद्याला लागली. तिनं हात पुढे केला. "किल्ली दे. झाले मी मोठी."

आत्यानं तिला खालून वर पाहिलं आणि कमरेची किल्ली काढून दिली.

येसूनं वाकळ कानाशी धरली. वाकळ गप्प. मग बांगड्या धरल्या. त्याही गप्प. मग शिंक्यावरचं गाडगं उतरवलं. तळाशी नुसती पिवळी खपली, आणि तीही गप्प. आठवणीला रोजचा हात लागतो, बरं का. तो नाही मिळाला, की ती थिजते.

आत्यानं गाडगं हातात घेतलं, आत डोकावून पाहिलं. "मी तर जपत होते गं."

"जपत नव्हतीस, कोंडत होतीस," येसू म्हणाली आणि तरातरा बाहेर गेली.

ओट्यावर शेजारच्या पारूकाकू बसल्या होत्या. त्यांनी सगळं ऐकलं होतं. "तुझी आई भारी हट्टी होती," त्या म्हणाल्या. "दिवेलागणीनंतर विरजण दारातून बाहेर जाऊ द्यायचं नाही, ही आपली रीत. लक्ष्मी जाते म्हणतात. पण हिच्याकडे कुणी मागायला आलं, की ही वाटी भरून द्यायची. तुझी आत्या ओरडायची, ही हसायची. मलाही दिलं होतं."

"मग आहे तुमच्याकडे?"

"अगं, परवाच मांजरानं गाडगं पालथं केलं. पण त्यातलंच मी चिंचेखालच्या कोंडाबाईला दिलं होतं."

मग येसू कोंडाबाईकडे गेली. कोंडाबाईची म्हैस आटली होती. दूध नाही, तर दही कुठलं? पण तिनं त्यातलं डोंगरावरच्या बायजाला दिलं होतं.

मग येसू डोंगर चढली. बायजा शेळ्या राखायची.

"घे की," बायजा म्हणाली. "रोज लावते मी. आंबट आहे पण, माझ्यासारखं."

येसूनं वाटी ओंजळीत धरून घरी आणली. दूध कोमट केलं, त्यात चमचाभर विरजण घातलं, झाकून ठेवलं. सकाळी पाहते तर दही असं घट्ट, की सुरीनं कापावं.

तिनं बोटभर दही जिभेवर ठेवलं. आधी बायजा ऐकू आली, शेळीला शिव्या देत होती. मग कोंडाबाई, म्हशीची समजूत घालत होती. मग पारूकाकू, मांजराला हाकलत होत्या. आणि सगळ्यांच्या तळाशी एक बारीक आवाज होता.

"ए येसू, दह्यात बोट नाही घालायचं. नाही म्हटलं ना? बरं, घाल. एकदाच हां. बघा वन्सं, नाक कसं फेंदारते. अगदी तुमच्यावर गेलीय."

येसूनं आणखी एक बोट चाटलं. मग तिनं चमचा भरला आणि आत्यापुढे धरला.

"मला नको," आत्या म्हणाली.

"तोंड उघड."

आत्यानं तोंड उघडलं. डोळे मिटून ऐकलं. "वहिनी," ती हळूच म्हणाली. मग तिला हसू आलं, आणि हसताना तिचं नाक अगदी येसूसारखं फेंदारलं. मग तिनं पदरानं डोळे पुसले.

संध्याकाळी दिवा लागला आणि दारात पारूकाकू वाटी घेऊन उभ्या राहिल्या. आत्याच्या ओठांवर 'नाही' आलंच होतं. येसूनं तिच्याकडे नुसतं पाहिलं. आत्या उठली, वाटी काठोकाठ भरली.

"रोज लावा," ती म्हणाली. "आणि मांजराला आवरा."

पेटीतली वाकळ येसूच्या अंगावर आली. रोज पांघरल्यावर तीही हळूहळू बोलायला लागली. आईचं नाही हो. येसूचं आणि आत्याचं भांडण. दोघी भांडत राहिल्या, हसत राहिल्या, दही खात सुखात राहिल्या.

चला, आता ओढा पांघरूण. काही सांगायचं राहिलं असेल, तर त्यालाच हळू सांगा. ते ठेवील नीट. आणि मिटा डोळे.