पंचांगाबाहेरचा दिवस

जेथे चंद्र कधी उगवलाच नाही, अशा एका वनात पूर्वी वृद्ध कासव पंचांग राखीत असे. सरोवरातले कमळ उमलून मिटले की एक मास होई, आणि त्या मासात देवाला फूल वाहण्याचा मान एकाच प्राण्याला मिळे.

एका सकाळी इवल्या पाखराने विचारले, "आजोबा, माझा मास कधी?"

"नऊ कमळांनंतर."

"माझे आयुष्य तर आज संध्याकाळपर्यंतच आहे."

"मग तुला पंचांग कशाला?" पाणी प्यायला आलेले हरिण हसले.

"सेवा राहून जाऊ नये म्हणून."

कासवाने सरोवराकडे पाहिले. जुने कमळ काल मिटले होते, नवे उद्या उमलणार होते.

"बाळा, आज कुणाचाच मान नाही. तू वाहा."

पाखराने गवतफूल वाहिले आणि सायंकाळी तेथेच डोळे मिटले.

दुसऱ्या दिवशी मान सशाचा होता. तरी हरिण आले. "आजोबा, मान नसताना फूल वाहिले तर चालेल?"

कासवाने सरकून देवाकडची वाट मोकळी केली.